मध्यंतरापर्यंतचा आवाज

दिंद्रुडात सकाळी जो पहिला मोठा आवाज कानावर पडतो तो उत्तरेश्वरचा, आणि त्या वेळी उत्तरेश्वर स्वतः झोपलेला असतो. भंगारवाल्याची रिक्षा सातला वेशीतून आत शिरते आणि तिच्या टपावरचा कर्णा सांगू लागतो, "जुनं लोखंड, पत्रा, बाटल्या, मोडकी सायकल, घरात अडगळ झालेलं काय बी..." आठला शहेबाजचा फळांचा टेम्पो येतो. त्यात हाच आवाज पेरूची गोडी सांगतो, जरा लाडात येऊन. कुणी गेलं तर दुपारी तोच आवाज जड होऊन गल्लोगल्ली फिरतो. सप्ताहात तो कीर्तनकारांची नावं घेतो, निवडणुकीत दोन्ही पार्ट्यांसाठी मतं मागतो, आणि दोन्हीकडे सारख्याच कळकळीनं. गावाला एकच घसा आहे आणि तो उत्तरेश्वरकडे सांभाळायला दिलाय, असं लोक म्हणायचे.

बसस्टँडमागे त्याची एक खोली आहे. आतून भिंतींना पोती आणि आईच्या जुन्या गोधड्या ठोकलेल्या, रस्त्यावरचा ट्रॅक्टर आत शिरू नये म्हणून. एक कॉम्प्युटर, एक माइक, माइकपुढे बायकोच्या, रोहिणीच्या, जुन्या ओढणीचा तुकडा ताणलेला. सदतीस वर्षांचा किडकिडीत माणूस या खोलीत शिरतो आणि त्याच्या तोंडून कधी म्हातारा बोलतो, कधी पुढारी, कधी देवीचा पुजारी.

हा गळा त्याला उसाच्या फडात मिळाला. त्याचे आईवडील दरसाल दसरा झाला की तोडणीच्या टोळीबरोबर कारखान्याला जायचे आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी परत यायचे. नवराबायको मिळून एक कोयता. टोळीत माणसं मोजत नाहीत, कोयते मोजतात. पोरं कुणीच मोजत नाही. हे न मोजलेलं पोर कोपीच्या, पाचटाच्या झोपडीच्या, तोंडाशी बसून दिवसभर ऐकायचं. चढाला ट्रॅक्टर गिअर कसा बदलतो, कारखान्याचा स्लिपबॉय, म्हणजे तोडणीवर देखरेख करणारा माणूस, बोलण्याआधी घसा कसा खाकरतो, हे सगळं तो संध्याकाळी बायकांना करून दाखवायचा. डोक्यावर मोळ्या वाहून आखडलेल्या माना धरून त्या हसायच्या.

टोळीचा मुकादम होता शहादेव. सगळे त्याला अप्पा म्हणत. याच गावचा, यांच्यातलाच, तरुणपणी स्वतः कोयता चालवलेला. मुकादमाचं जिणं मोठं विचित्र. टोळीला वाटतं हा कारखान्याचा, आणि कारखान्याला वाटतं हा टोळीचा. अप्पा काही देवमाणूस नव्हते. पितळी शिट्टी फुंकून ते तांबडं फुटायच्या आत माणसं उठवायचे. "उठा बाबांनो, ऊस काय चालत येनाराय व्हय तुमच्याकडं?" हे त्यांचं रोजचं. कुणी जरा टेकलं की, "कंबर दुखती का कोयता दुखतो?" एकदा आठ वर्षांच्या उत्तरेश्वरनं तोंडानं हुबेहूब त्या शिट्टीसारखी शिट्टी मारली आणि अख्खी टोळी तासभर आधीच उठून बसली. अप्पांनी पोराला मारलं नाही. "आता उठलाच हाव तर चला," म्हणाले, आणि टोळीला तासभर आधीच फडात नेलं.

टोळीचा एक नेम होता. कुणी घालून दिलेला नव्हता, पण सगळे पाळायचे. परत येताना गावच्या शिवेवर ट्रॅक्टर थांबायचा. बायका ओढ्यात तोंडं धुवायच्या, केस विंचरायच्या, पोरांची नाकं पुसायच्या. मग गावात शिरायचं. सहा महिन्यांत कुणाला कुणी शिवी दिली, कोण रडलं, कोण कुणाच्या पाया पडलं, हे सगळं त्या ओढ्याच्या पलीकडे राहायचं. फडातलं फडात.

पुढं वडील गेले, तोडणी सुटली, उत्तरेश्वरला हा आवाजाचा धंदा सापडला. गेल्या दोनेक वर्षांपासून त्याला आणखी एक नाद लागला होता. परक्या भाषेतल्या सिनेमांचे तुकडे घ्यायचे आणि त्यांना आपली बोली चढवायची. गोरा पोलीस बीडच्या भाषेत दम देतो, अंतराळातला माणूस माजलगावच्या गाडीची चौकशी करतो. लोकांना ते आवडायचं.

श्रावणात एके दिवशी शहेबाजनं टेम्पो लावला आणि खोलीत येऊन पेनड्राइव्ह टेबलावर टाकला.

"ले बे उत्तर्‍या. असली माल हाय."

"काय हाय?"

"जुना इंग्लिश पिच्चर. रथ, घोडे, हजारो मानसं. पन अर्धाच हाय. मध्यंतरापर्यंत चालतो, पुढची फाइल उघडंना."

दोघांनी तो अर्धा सिनेमा पेरू खात पाहिला. ख्रिस्ती धर्मग्रंथातली कथा होती. राजाच्या भीतीनं एक आई आपलं तान्हं लेकरू टोपलीत घालून नदीत सोडते. ते राजाच्याच वाड्यात वाढतं, मोठं होऊन राजपुत्रासारखं मिरवतं, आणि मग त्याला कळतं की आपण त्या चिखल तुडवणाऱ्या, विटा थापणाऱ्या गुलामांतले. गुलामाला मारणाऱ्या एकाला तो ठार करतो, वाळूत पुरतो, पळून जातो, वाळवंटात मेंढरं राखतो. शेवटी डोंगरावर कसलासा उजेड दिसतो आणि मध्यंतर.

"आपली कर्णाची गोष्ट दिसती ही," उत्तरेश्वर म्हणाला.

"आमच्यात बी हाय ही," शहेबाज म्हणाला. मग जरा चाचरत, "एक बात हाय. दादीनं पाह्यला हा फोनवर. ती म्हनली, ये अपने पैगंबर हैं, उनके मुँह में तुमारी मस्करी नको डालो."

शहेबाजची आजी रहेमतबी नव्वदीची. तिनं लहानपणी उत्तरेश्वरच्या हातावर खारका ठेवल्या होत्या. त्यानं लगेच कानाला हात लावला. "न्हाई घालत. त्येंना बोलवतच न्हाई."

आणि खरंच त्यानं नाही बोलवलं. नायकानं तोंड उघडलं की मागे नुसता वारा वाजायचा. पण मग बोलणार कोण? सिनेमात एक मुकादम होता, गुलामांतलाच एक, गुलामांवर नेमलेला, पोट सुटलेला. सगळं बोलणं उत्तरेश्वरनं त्याच्या तोंडी दिलं. शिट्टी दिली. "उठा बाबांनो, वीट काय चालत येनाराय व्हय?" दिलं. "कंबर दुखती का फावडं दुखतं?" दिलं. शहेबाज हसून हसून पोत्यांच्या भिंतीला टेकला.

मग तो प्रसंग आला. विटा कमी पडलेल्या, सोनेरी टोपीचा अधिकारी रथातून उतरलेला, आणि मुकादम त्याच्यापुढे हात जोडून वाकलेला. उत्तरेश्वरनं माइकशी तोंड नेलं. काय बोलायचं हे त्यानं ठरवलेलं नव्हतं. ते आतून आपोआप आलं. घशात दाटलेला, मधेच चिरकणारा, शेवटी वर चढणारा एक आवाज: "चूक माजी हाय साहेब. माज्या कानाखाली हाना."

"परत!" शहेबाज ओरडला. "अबे परत घे! कुठून आनतो तू हे?"

उत्तरेश्वरनं तेच वाक्य व्हिडिओत चार जागी टाकलं.

चार दिवसांत तो व्हिडिओ धारूरच्या बाजारात पोचला, लिंबागणेशच्या चतुर्थीच्या गर्दीत पोचला, पुण्यामुंबईला गेलेल्या पोरांच्या फोनमधून फिरून परत गावात आला. बसस्टँडवर कुणाचा धक्का लागला तर धक्का मारणाराच हात जोडून म्हणायचा, "चूक माजी हाय साहेब." ग्रामसभेला उशिरा आलेला एक मेंबर गाल पुढे करून म्हणाला, "माज्या कानाखाली हाना," आणि सभा अर्धा तास हसत राहिली. व्हिडिओखाली लोक लिहीत होते: दुसरा भाग कधी? मुकादमाचं पुढं काय होतं?

उत्तरेश्वर रोज रात्री जेवताना ते वाचायचा. एक गोष्ट त्याला खटकायला हवी होती आणि खटकली नाही. जुन्या टोळीतली माणसं हसली नव्हती. राधाकिशन म्हणून वडिलांच्या जोडीचा एक तोडणीवाला होता. त्यानं व्हिडिओ शेवटपर्यंत पाहिला, फोन परत दिला, "बरं हाय," म्हणाला आणि चपला शोधायला लागला.

शहादेव अप्पा आता चौऱ्याहत्तरचे. वेशीजवळच्या हॉटेलात रोज सकाळी बाकाच्या एका टोकाला बसायचे, एक चहा दोन तास पुरवायचे. एका टवाळ गड्यानं त्यांच्यापुढे फोन धरला. अप्पांनी सगळं पाहिलं. स्वतःची शिट्टी ऐकून जरा हसलेसुद्धा, म्हणतात. ते वाक्य आलं तेव्हा त्यांचा हात डाव्या कानाकडे गेला.

"ह्यो आवाज कुनाचा?"

"कुनाचा म्हंजे? तुमच्या उत्तरेश्वरचा की! तुमचाच शागीर्द."

अप्पांनी अर्धा चहा तसाच ठेवला आणि घरी गेले. त्यानंतर ते टोक रिकामंच राहिलं. हे उत्तरेश्वरच्या कानावर आलं होतं. म्हातारं रुसलं, जाऊ एखाद्या दिवशी पाया पडायला, असं त्यानं मनाशी म्हटलं. तो एखादा दिवस दोन महिने आला नाही.

दसरा झाला. टोळीची निघायची तयारी सुरू झाली. अप्पांचा पुतण्या बजरंग आता मुकादम होता. तो संध्याकाळी उत्तरेश्वरच्या घरी आला. टोळी निघताना कर्ण्यावर बोलायचं काम उत्तरेश्वरचं आणि ट्रॅक्टरपुढे नारळ फोडायचं काम अप्पांचं, हे इतकी वर्षं ठरलेलं.

"अप्पा न्हाई म्हनतेत," बजरंग उभ्याउभ्याच म्हणाला. "म्हनले, माज्या हातचा नारळ कशाला, मी तर पिच्चरमधला मुकादम. टोळीतली जुनी मानसं म्हनतेत, अप्पाच्या नारळाबिगर आमी ट्रॅक्टरात बसत न्हाई. आता तूच सांग, काय करू? दुसऱ्या भागात नारळ फोडतो का तुजा मुकादम?"

चुलीपुढे उत्तरेश्वरची आई, बायनाबाई, भाकरी थापत होती. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरलेले, त्यामुळे फोनच्या वाटेला ती जायची नाही. बजरंग गेल्यावर म्हणाली, "काय केलंस त्ये दाखीव."

"तुला दिसनार न्हाई, माय."

"मंग ऐकीव."

त्यानं फोन तिच्याजवळ ठेवला. ती डोळे मिटून ऐकत राहिली. मुकादमाची शिट्टी आली तेव्हा तिच्या ओठांची एक बाजू हलली. मग ते वाक्य आलं. तव्यावरची भाकरी करपली तरी तिनं उलटली नाही. शेवटी रोहिणीनंच पुढे होऊन तवा उतरवला.

"हे कुठं ऐकलंतंस तू?"

"फडातच. लहान व्हतो. अप्पा त्या स्लिपबॉयच्या पाया पडलते, त्यानं कानफटात हानली. कुडाला धरून बघितलंतं मी."

"कावून हानली?"

उत्तरेश्वरला कुड आठवत होता, हातात बोचणारी पाचट आठवत होती, चापटीचा आवाज आणि अप्पांचा तो आवाज स्वरासकट आठवत होता. कारण आठवत नव्हतं. मुकादम होता, काहीतरी चोरलं असेल, स्वतःची कातडी वाचवत असेल, असं इतकी वर्षं तो धरून चालला होता.

"त्या वर्साला मी दोन दिस कोपीत पडून व्हते," बायनाबाई म्हणाली. "तुला ताप म्हनून सांगितलंतं. ताप नव्हता रे त्यो. पाचवा म्हयना व्हता. गेलं." तिनं परातीतलं पीठ गोळा केलं. "गाडी भरायला मानूस कमी पडलं, गाडी उशिरानं गेली. त्यो स्लिपबॉय आला आन म्हनला, वढून काडतो तिला भाईर. अप्पा दारात आडवे झाले. म्हनले, चूक माजी हाय साहेब, मीच तिला फडात येऊ नको म्हनलो. माज्या कानाखाली हाना, पन बाईला उठवू नका. साऱ्या टोळीम्होरं हानली त्यानं."

रोहिणी पदराच्या टोकाशी चाळा करत खाली बघत होती. लग्नाला बारा वर्षं झाली, तिनंही हे पहिल्यांदाच ऐकलं.

"टोळीतलं एक मानूस गावात बोललं न्हाई," म्हातारी म्हणाली. "अप्पाची चापट न्हाई, माजं बी न्हाई. तुला नुसता आवाज ध्यानात राह्यला. वाक्य बी अर्धंच घेतलंस."

त्या रात्री त्यानं व्हिडिओ काढून टाकला. सकाळी शहेबाजला सांगितलं तर तो म्हणाला, "डिलीट करून काय व्हतंय बे? माज्या मावसभावानं काल पुन्यावरून मलाच पाठवलाय." मग उत्तरेश्वरचं तोंड पाहून त्यानं विचारलं, "झालं काय?" उत्तरेश्वरला सांगता येईना. सांगायचं म्हटलं तर आईचं सांगावं लागणार. कर्ण्यावरून गावाला ओरडून सांगितलं असतं की तो माणूस भेकड नव्हता, तर त्याच दमात फडातलं सगळं पुन्हा चव्हाट्यावर. गावासाठी बोलणारा गळा त्याचाच, आणि ही एवढी एक गोष्ट त्याला बोलता येत नव्हती.

तो अप्पांकडे गेला. अप्पा अंगणात दोरी वळत बसले होते. त्यांनी मान वर केली, परत दोरीकडे बघितलं.

"ये. लई मोठा मानूस झालास. बस त्या पोत्यावर."

तो बसला. अप्पांनी दोरीला आणखी दोन पीळ घातले.

"त्या पिच्चरात," अप्पा म्हणाले, "त्यो हिरो कावून बोलत न्हाई? मुका हाय का?"

उत्तरेश्वरच्या कानांच्या पाळ्या तापल्या. "मुका न्हाई, अप्पा. त्ये त्येंचे पैगंबर हायेत. रहेमतबी म्हनली, त्येंच्या तोंडी मस्करी घालू नको."

"मंग?"

"न्हाई घातली."

अप्पांनी दोरीचं टोक पायाच्या अंगठ्यात अडकवलं, ताणून पाहिलं. "बरं केलंस. कुनाचा तरी आब राखलास."

त्यांच्या बोलण्यात टोमणा असता तर बरं झालं असतं. नव्हता. त्यांना खरंच ते बरं वाटलं होतं.

"आन पुढं? पुढं काय व्हतं?"

"गुलाम समदे निघत्यात म्हनं. बायकापोरं, ढोरं घेऊन. समुद्र फाटतो."

"त्यो मुकादम बी निघतो का संगं?"

"म्हाईत न्हाई. माज्याकडं अर्धाच हाय."

"निघत आसंल," अप्पा म्हणाले. "टोळी गेल्यावर मुकादमाला इचारतंय कोन."

उत्तरेश्वर पोत्यावरून पुढे सरकला. "अप्पा, मायनं सांगितलं मला. त्या टायमाला तुमी—"

"गप." शिट्टीसारखा तीक्ष्ण शब्द आला. जुना मुकादम क्षणभर परत आला आणि गेला. "फडातलं हितं काडू नको. जा आता."

म्हणजे माफी मागायचीसुद्धा सोय राहिली नव्हती.

सोमवारी सकाळी नऊला टोळी निघायची होती. मारुतीच्या पारापुढे दोन ट्रॅक्टर उभे. ट्रॉल्यांत भांडी, पत्रे, बांबू, शेळ्या, बांधलेल्या गोधड्या, वर पोरं. बायका खाली उभ्या होत्या, कुणी चढत नव्हतं. राधाकिशन चाकाला टेकून तंबाखू मळत होता. बजरंग पारावर ठेवलेल्या नारळाकडे आणि रस्त्याकडे आळीपाळीनं बघत होता. उत्तरेश्वर माइक हातात घेऊन उभा. दरवर्षी इथे तो टोळीला सुखरूप जा म्हणायचा, एकेका कोयत्याचं नाव घ्यायचा. आज त्यानं माइक चालूच केला नव्हता.

"बोल की," बजरंग म्हणाला.

त्यानं मान हलवली.

साडेनऊला अप्पा आले. धुतलेलं धोतर, डोक्याला पटका, हातात काठी. बायनाबाई त्यांच्या चार पावलं मागून, रोहिणीचा हात धरून येत होती. ती त्यांच्या घरी जाऊन काय बोलली हे तिनं पुढे कधी सांगितलं नाही. गर्दीनं वाट दिली. ट्रॉलीवरून कुणीतरी हळूच ते वाक्य म्हणालं, दोघातिघांनी खीः केलं, आणि जुन्या बायकांनी एकदम वर पाहिल्यावर ते थांबलं.

उत्तरेश्वर पुढे झाला. काय बोलायचं हे त्यानं चार दिवस घोकलं होतं, आणि त्यातलं एकही वाक्य फडाचं नाव काढल्याशिवाय पुरं होत नव्हतं. तो अप्पांपुढे वाकला, हात जोडले. आतून जे आलं ते पुन्हा तेच होतं.

"चूक माजी हाय, अप्पा. माज्या कानाखाली हाना."

पार हसला. ट्रॉल्या हसल्या. कुणी शिट्टी मारली, "वा रे कलाकार!" म्हणून कुणी टाळ्या दिल्या. शहेबाज टेम्पोपाशी उभा होता. तोही आधी हसला आणि मग उत्तरेश्वरची पाठ पाहून थांबला. एवढ्या गावात एकालाही खरं वाटेना. कसं वाटावं? ते वाक्य खोटं करून वाटलं होतं ते त्यानंच, घरोघरी, फोनोफोनी. तो वाकलेलाच राहिला. चापट बसावी असं त्याला मनापासून वाटत होतं, आणि अप्पांचा हात उठत नव्हता.

हसणं विरलं. अप्पा त्याच्याकडे बघत होते, एखादा कारागीर दुसऱ्याचं काम बघतो तसे.

"पिच्चरात बरा जमलाता," ते हळू म्हणाले, त्याच्यापुरतं. "आज न्हाई जमला माजा आवाज. फाटला."

ते पुढे गेले. नारळ उचलला, कपाळाला लावला, ट्रॅक्टरपुढच्या दगडावर एका घावात फोडला. पाणी चाकावर शिंपडलं. मग खोबऱ्याचे तुकडे करून एकेका कोयत्याच्या हातावर ठेवत गेले, बाईच्या हातावर आधी, मग गड्याच्या. बजरंगला दिला. शहेबाजला हाक मारून दिला. उत्तरेश्वरनं हात पुढे केला होता. अप्पा त्याच्यासमोरून जाऊन बायनाबाईपाशी थांबले. तिच्या ओंजळीत त्यांनी दोन तुकडे ठेवले.

"एक तुज्या लेकाला दे," म्हणाले.

अप्पांनी बंडीतून पितळी शिट्टी काढून फुंकली. बायका चढल्या, ट्रॅक्टर हलले, ओढ्याच्या दिशेनं धूळ उठली. गर्दी पांगली तरी म्हातारी तशीच उभी होती. तिला नीट दिसत नव्हतं, म्हणून ओंजळ पुढे धरून ती लेकाच्या आवाजाची वाट बघत होती. उत्तरेश्वरला हाक मारता येईना. शेवटी रोहिणीनं तिच्या कोपराला धरून तिला त्याच्याकडे वळवलं.